आवडाईची अर्धी बांगडी

“साक्षीला नव्या सूनबाईची सही घ्या. ती काय इचारनार हाय? तिला तोंड हाय का न्हाई, ह्येच अजून घरात ठरलं न्हाई.”

हे थोरले भाऊजी ओट्यावर बसून मामंजींना सांगत होते आणि मी दाराआड तांदूळ निवडत होते. मामंजी हसले. मीही हसले असते, पण मग तोंड आहे हे ठरलं असतं.

कागद होता थोरल्या आत्याबाईंच्या रानाचा. थोरल्या आत्याबाई म्हणजे मामंजींच्या वारलेल्या थोरल्या भावाची बायको. मूलबाळ नाही. विहिरीकडचं रान त्यांच्या एकटीच्या नावावर आहे, आणि ते सोमवारी खरेदीखत करून भाऊजींच्या नावे व्हायचं होतं. कागदावर तशी खरेदी, घरात नुसतं ‘नाव लावून घेणं’. आत्याबाईंना कुणी विचारलं होतं की नाही, ते मला ठाऊक नव्हतं. एका दुपारी शेंगा फोडताना त्या मला एवढंच म्हणाल्या होत्या, “त्या बांधावर मी रोज जाऊन येते गं. न्हाई गेले तर दिस उगवलाच न्हाई असं वाटतं.”

त्याच शेंगांच्या ढिगापाशी त्यांनी मला आवडाईची गोष्ट सांगितली. काही गोष्ट त्यांची, काही पाणवठ्यावरच्या बायकांची, आणि जिथं विरली होती तिथं मी दोन टाके घातले आहेत. आंबेखिंडीत ही गोष्ट ऐकताना हातातलं काम थांबवत नाहीत. तुम्हीही थांबवू नका.

*

फार वर्षांपूर्वी, खिंडीतला रस्ता बैलाच्या खुरांएवढाच रुंद होता तेव्हा, आंबेखिंडीत आवडाई नावाची कासारीण राहायची. खांद्यावर बांगड्यांच्या माळा टाकून ती सात गावं फिरायची. ती वाटेवर दिसायच्या आधी ऐकू यायची. तिच्या पायरवानं गाभण म्हशी शांत उभ्या राहत, असं म्हणतात.

तिला माणसांचे चेहरे ध्यानात राहत नसत. हात राहत. एकदा एका घरच्या बायकांनी तिची गंमत करायची म्हणून दारावर घोंगडी टांगली आणि घोंगडीखालून एकेक हात बाहेर काढला. आवडाईनं नऊ हातांना नऊ नावं दिली. दहावा हात आला तेव्हा तिनं तो हलकेच दाबला आणि म्हणाली, “बाळे, तुला तिसरा लागलाय. सासूला सांग, जातं वढू नगं.” घोंगडीआडची सून लाजून पळाली. तिला स्वतःलाही ते तोवर माहीत नव्हतं.

आणि असं म्हणतात, की तिच्या हातून भरताना कधी कुणाची बांगडी वाढली नाही. आमच्याकडे बांगडी फुटली असं म्हणत नाहीत, वाढली म्हणतात, हे तुम्हाला ठाऊक असेलच.

त्या काळी जमिनीचा कागद व्हायचा तो चावडीवर. लिहायचा कुलकर्णी. शेतकरी गड्याला सही येत नसे, तर कुलकर्णी त्याच्या नावापुढं नांगर काढायचा. बाईच्या नावापुढं बांगडी काढायचा. म्हणजे एक गोल. खाली लिहायचा, ‘अमकीची निशाणी बांगडी’. झाली बाईची सही. तिथं बाई असायलाच हवी असं काही नव्हतं. नांगर काढायला नांगर कुठं लागतो?

एके दिवशी आवडाई चावडीवरून चालली होती. कुलकर्णी ओल्या कागदावर वाळू टाकत होता. तिनं डोकावून विचारलं, “ह्यो गोल कशाचा, दादा?”

“ही तुझ्याच गिऱ्हाइकाची बांगडी, आवडाई. वाच की.”

आवडाईनं कागदावर बोट टेकवलं. बोटाच्या पेरानं गोलाचं माप घेतलं. कुलकर्ण्यानं गोल काढला होता रुपया ठेवून, त्याच्या कडेनं.

“ह्या मापाची बांगडी,” ती म्हणाली, “आपल्या गावात एकाच हातात जाईल. परवा सुताराच्या घरी जी पोर जल्मली तिच्या. तिनं रान इकलं व्हय?”

चावडी हसली. सगळ्यात शेवटी कुलकर्णी हसला.

पण हसणं संपल्यावर बायका विचार करायला लागल्या. आपण कितीदा काय विकलं आहे, याचा हिशेब कुणालाच लागेना. तेव्हापासून आंबेखिंडीच्या बायकांनी हट्ट धरला, की आमच्या कागदावर काढलेली बांगडी चालायची नाही, खरी हवी. आणि ती आवडाईनं भरलेली हवी.

आवडाईची रीत अशी. कागद लिहून झाला की ती विकणाऱ्या बाईसमोर बसायची. बाईचा हात हातात घ्यायची. एक नवी बांगडी बोटांवरून सरकवत सरकवत विचारायची, “कुठलं रान?” बांगडी बोटांच्या मुळाशी आली की विचारायची, “कुनाला?” आणि हाताच्या हाडापाशी, जिथं बांगडी अडते तिथं, थांबून विचारायची, “मनानं का?”

ती सांगायची, की तोंड खोटं बोलतं, हात बोलत नाही. मनात नसलं की हात आखडतो आणि बांगडी हाडावरून पुढं जात नाही. कितीही तेल लावा. असं म्हणतात, की तीन कागद त्या हाडापाशी अडले आणि तिथंच फाटले. एका बाईचा भाऊ तर ओरडला, “बांगडीच लहान हाय!” आवडाईनं तीच बांगडी त्याच्या हातात भरून दाखवली. तो मोठा गडी होता. पुढं आठ दिवस हात झाकून फिरत होता.

बांगडी बिनघोर गेली, तर आवडाई ती तेलाच्या बोटानं परत उतरवायची, तिची कड शाईत बुडवायची आणि कागदावर उमटवायची. मग दोन बोटांत धरून ती वाढवायची. बरोबर दोन तुकडे. एक रान घेणाऱ्याच्या घरी. एक आवडाईच्या थैलीत. आणि विकणाऱ्या बाईच्या हातात त्याच घडीला दुसरी नवी बांगडी, फुकट. कुणाचा हात रिता ठेवायचा नाही.

आता गावात साळूबाई नावाची एक म्हातारी होती. नवरा जाऊन वीस वर्षं झालेली, लेकरू नाही. जांभळीचं रान तिच्या नावावर होतं आणि ते कसत होते लिंबाजी आणि त्याची बायको हौसा. नुसते कसत नव्हते. त्या रानात आधी जमिनीपेक्षा दगड जास्त होते. हौसानं बारा वर्षं ते डोक्यावरून वाहिले, त्याचा बांध घातला. त्या बांधापायी तिचं डोकं मधोमध चपटं झालं, असं ती स्वतःच सांगायची.

साळूबाईनं ठरवलं, रान ह्यांनाच द्यायचं. मोल ठरलं, फिटलं, कागद लिहिला. कुलकर्णी निशाणीपाशी आला आणि रुपया काढू लागला.

“रुपया कशापायी?” साळूबाईनं विचारलं.

“साळूबाई, तुझ्या हाताला कसली बांगडी? काढतो आपला एक गोल.”

साळूबाई हळू आवाजात म्हणाली, “समद्यांच्या कागदाला खरी, आन माझ्याच कागदाला खोटी?”

वीस वर्षं रिता असलेला हात, त्यात बांगडी भरायची हे त्या काळी कुणाच्या मनातही येत नसे. आवडाई उठली. साळूबाईला घेऊन चावडीच्या आतल्या खोलीत गेली आणि तिनं दार लावून घेतलं.

आत काय झालं ते दोघींनाच ठाऊक. पण असं म्हणतात, की आवडाईनं माळेतली सगळ्यात हिरवी बांगडी काढली. त्या बांगडीच्या काचेत एक बारीकसा बुडबुडा होता, मोहरीएवढा, कडेला आलेला. आवडाईनं तीन प्रश्न विचारले आणि साळूबाईनं तीन उत्तरं दिली. बांगडी हाडावरून अशी गेली, जणू वीस वर्षं हात तिचीच वाट बघत होता. साळूबाईनं मनगट एकदा कानाशी नेऊन हलवलं. ऐकलं. मग म्हणाली, “काढ आता.”

बाहेर आल्या तेव्हा कागदावर गोल उमटला होता. लोकांना वाटलं, आवडाईनं आपल्याच माळेतली एखादी टेकवली असेल. कुणी विचारलं नाही. विचारलं की उत्तर ऐकावं लागतं.

दोन वर्षांनी साळूबाई गेली. तिच्यामागं कुलकर्णी गेला. कागदावर साक्षी दोन होते. त्यातला एक देवाघरी गेला, आणि दुसऱ्याच्या गोठ्यात एक नवा बैल आला, तेव्हापासून त्याला काही आठवेना.

बैल धाडला होता दौलतीनं. दौलती साळूबाईचा पुतण्या. तिच्या जितेपणी तिच्या दाराला त्याचा पाय लागला नव्हता, ती गेल्यावर त्याला तिची फार आठवण येऊ लागली. त्यानं तालुक्याच्या कोर्टात दावा लावला, की चुलतीनं रान विकलंच नाही, कागद खोटा आहे.

आणि त्याच्या वकिलानं एकच गोष्ट सांगितली. “साळूबाई विधवा होती. विधवेच्या हातात बांगडी नसते, हे सारी दुनिया जाणते. कागदावर तर बांगडी उमटलेली आहे. मग ही निशाणी दुसऱ्याच कुणाची तरी. सबब कागद बनावट.”

बिनतोड होतं. मुन्सफानं लिंबाजीला सांगितलं, पुढच्या तारखेला निशाणी साळूबाईचीच आहे हे शाबीत कर, नाहीतर रान सोड.

त्या संध्याकाळी हौसा आवडाईच्या दारात आली. पदरातून तिनं हिरव्या बांगडीचा अर्धा तुकडा काढला आणि तळहातावर ठेवून उभी राहिली.

आवडाईला सगळं कळलं. कोर्टात खरं सांगायचं म्हणजे चारचौघांत म्हणायचं, की मी विधवेच्या हातात बांगडी भरली. ज्या हातानं भरली त्याच हातानं उद्या सवाष्णीला भरायची? कोण हात पुढं करील? सात गावांतलं एक दार उघडणार नाही. आणि नाही सांगितलं, तर बारा वर्षांचे दगड पाण्यात.

“जा घरी,” ती हौसाला म्हणाली. “तुकडा जपून ठेव.”

चार दिवस आवडाई सात गावं फिरली. ज्या घरी बोलावलं नव्हतं तिथंही गेली. लेकीबाळींचे हात हातात घेऊन उगीच बसली. बायकांना वाटलं, म्हातारी होत चाललीय. ती एकेका हाताचा निरोप घेत होती.

पाचव्या दिवशी ती कोर्टात उभी राहिली, खांद्यावर माळा तशाच.

वकिलानं विचारलं, “बाई, तुला लिहिता-वाचता येतं?”

“न्हाई.”

“मग ही निशाणी कुणाची, ते तू कशावरून सांगतेस?”

“म्या उमटवली म्हनून. साळूबाईच्या हातातनं उतरवून.”

“साळूबाई विधवा होती ना?”

“व्हती.”

“मग तिच्या हातात बांगडी आली कुठून?”

आवडाईनं एकदा कोर्टाकडं बघितलं. आंबेखिंडीचं निम्मं गाव तिथं उभं होतं. दाराशी बायका होत्या. मी आत्याबाईंना विचारलं, की त्या काळी एवढ्या बायका कोर्टात कशा? त्या म्हणाल्या, “गोष्टीत व्हत्या. गप फोड शेंगा.”

“म्या भरली,” आवडाई म्हणाली. “माज्या हातानं. हिरवी.”

कोर्टात पंखा ओढणाऱ्याचा हात थांबला.

वकील हसला. “आणि पुरावा?”

आवडाईनं थैली पुढं ठेवली. दोनशे-अडीचशे अर्ध्या बांगड्या, एकावर खूण नाही की चिठ्ठी नाही. तिनं डोळे मिटले, थैलीत हात घातला, आणि कुणाचा तरी हात शोधावा तसा तिचा हात आत फिरत राहिला. मग थांबला. बाहेर आला तेव्हा चिमटीत हिरवा तुकडा होता. हौसानं आपला तुकडा दिला. मुन्सफानं दोन्ही तुकडे स्वतः कागदावरच्या गोलावर ठेवले. रेघेला रेघ. तुटलेल्या कडेला तुटलेली कड. आणि गोलावर एका जागी शाईचा मोहरीएवढा ठिपका होता, जो आजवर सगळ्यांना कुलकर्ण्याचा डाग वाटत होता. त्यावर काचेतला बुडबुडा नेमका बसला.

इथवर कुठल्याही कोर्टाला पटेल. यापुढचं आंबेखिंडीला पटतं.

असं म्हणतात, की मुन्सफानं तुकडे उचलायला हात लावला, तर बांगडी सबंध हाती आली. सांधा दिसेना. ती मेजाला लागून किणकिणली, आणि तो आवाज ऐकून दाराशी उभ्या असलेल्या सगळ्या बायकांच्या हातातल्या बांगड्या किणकिणल्या. हात न हलवता. ज्यांचे हात रिते होते, त्यांनाही आपल्या मनगटापाशी तो आवाज ऐकू आला.

कागद खरा ठरला. रान लिंबाजी-हौसाकडं राहिलं. दुसऱ्या साक्षीदाराला घरी गेल्यावर एकदम सगळं आठवलं, पण बैल काही परत गेला नाही.

गाव परतलं ते पुढं पुढं. आवडाई मागून एकटी आली.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती नेहमीसारखी वेशीजवळच्या चिंचेखाली माळा मांडून बसली. बायका पाण्याला गेल्या, आल्या. कुणी वर बघितलं नाही. हौसा आली असती, पण ती नवऱ्याबरोबर रानाला नारळ द्यायला गेली होती. ऊन चिंचेच्या या बाजूचं त्या बाजूला गेलं. आवडाई माळा आवरायला लागली.

तेवढ्यात कुणीतरी समोर बसलं आणि हात पुढं केला. आवडाईनं चेहरा बघितलाच नाही. हात ओळखला. दौलतीची बायको, गजरा.

“भर,” गजरा म्हणाली.

“ह्या हातानं? काल काय झालं ते ऐकलंस ना?”

“ऐकलं म्हनून तर आले. खोटे कागद करनारा मानूस माज्या घरात हाय, आवडाई. उद्या माझा बी कागद व्हईल. मला खरी बांगडी लागंल. भर.”

आवडाईनं भरली. पाणवठ्यावरून दुसरी आली, तिसरी आली. मग गावच्या चार विधवा आल्या आणि लांब उभ्या राहिल्या. आवडाईनं त्यांना हाक मारली. असं म्हणतात, की त्या दिवशी माळा रित्या होत नव्हत्या. दिवस मावळेपर्यंत ती भरत होती आणि माळा होत्या तेवढ्याच होत्या.

पुढं आवडाई म्हातारी झाली. एका सकाळी ती माळा घेऊन खिंडीकडं गेली, ती परत आली नाही. तिची समाधी नाही, पादुका नाहीत. थैली तेवढी चिंचेच्या ढोलीत सापडली. आजही त्या चिंचेच्या बुडाशी उकरलं तर काचेचे तुकडे निघतात, आणि त्यांनी कधी कुणाचा पाय कापलेला नाही.

आणि आजही आंबेखिंडीत बाईच्या नावचं रान विकायचं असलं, तर गाडी तालुक्याला निघायच्या आधी तिच्या हातात एक बांगडी भरतात. सवाष्ण असो की विधवा. भरते ती कागदावरची साक्षीदार बाई. तीन प्रश्न विचारते. बांगडी गेली तर ती वाढवून अर्धी चिंचेच्या ढोलीत टाकतात आणि मग गाडी निघते. नाही गेली, तर गाडी निघत नाही. तालुक्याचे वकील हसतात. म्हणतात, आंबेखिंडीचे लोक नेहमी उशिरा येतात. पण आंबेखिंडीचे दावेही त्यांच्याकडे फारसे येत नाहीत, हे त्यांनाही माहीत आहे.

*

सोमवारी सकाळी गाडी दारात आली. मामंजी टोपी घालून तयार. भाऊजींच्या हातात कागदांची पिशवी. आत्याबाई इरकली लुगडं नेसून ओट्याच्या कडेला बसल्या होत्या. विहिरीकडं तोंड करून.

“चला, चला,” भाऊजी म्हणाले. “अकराचा नंबर हाय.”

सासूबाईंनी आतून विचारलं, “आन बांगडीचं?”

“आता कसली बांगडी, आई? मशीनवर अंगठा घेत्यात, फोटू काढत्यात. सरकारापरीस आवडाई मोठी हाय व्हय?” मग माझ्याकडं वळून म्हणाले, “सूनबाई, तुमी फकस्त सही करायची. ध्यान देऊ नका.”

मी माजघरात जाऊन फडताळातून एक हिरवी बांगडी आणली. ओट्यावर आत्याबाईंच्या पुढ्यात बसले. त्यांनी आधी बांगडीकडं बघितलं, मग माझ्याकडं. मग हात पुढं केला. शेंगा फोडून फोडून खरबरीत झालेला, गार हात.

“सूनबाई,” मामंजी म्हणाले, “गाडी खोळंबलीय.”

“खोळंबू दे, मामंजी,” मी म्हणाले. “साक्षीदार म्हणजे ज्यानं बघितलं आणि ऐकलं तो. मी बघत तर चार महिने आहेच, पण आत्याबाईंच्या तोंडून अजून काही ऐकलेलं नाही. आत्याबाई, सांगा. कुठलं रान? कुणाला? मनानं का?”